टिळकवाडीतलं इम्प्रोव्ह वर्कशॉप: नट स्टार नाही म्हणूनच पैसे वसूल

आधी रेटिंग सांगून टाकतो, म्हणजे ज्यांना पुढचं वाचायचं नाही ते सुटले. पाचपैकी चार. एक स्टार कापलाय तो कॅमेऱ्याच्या सेशनसाठी आणि हॉलमधल्या फॅनसाठी. शिकवण्याबद्दल काही तक्रार नाही.

इम्प्रोव्ह म्हणजे आयत्या वेळी सुचेल तसं करायचं नाटक, त्याचं हे वर्कशॉप. शनिवार-रविवार दोन दिवस, सकाळी 10 ते संध्याकाळी 6, आणि रविवारी रात्री घरच्यांसाठी छोटा शो. जागा बेळगावात टिळकवाडीतला एक हॉल. फी 3,500, कॉलेजवाल्यांना 2,500, त्यात दोन वेळचा चहा आणि दुपारचं जेवण आलं. जाहिरात मात्र इतकी भयंकर होती की बघूनच माणूस पळून जावा, "अभिनयाचे बादशहा व्हा", "मालिका-सिनेमात सुवर्णसंधी", खाली क्लॅपबोर्ड आणि पॉपकॉर्नचं चित्र. (नटाचा आणि पॉपकॉर्नचा संबंध काय, तो तर बघणारा खातो.) भाचीला जायचंच होतं, ती बारावीला आहे, ताई एकटीला पाठवायला तयार नाही, म्हणून मी पण फी भरली आणि गेलो. मी उद्यमबागेत एका फाउंड्रीत अकाउंट्स बघतो. नाटकाशी संबंध म्हणजे गल्लीच्या शिवजयंतीच्या चित्ररथावर मावळा, तो पण मागच्या रांगेतला.

वर्कशॉप घेणाऱ्या सरांचं नाव इथं टाकत नाही. टाकून उपयोगही नाही, नाव वाचून तुम्हाला कोण ते कळणार नाही, चेहरा बघितला की मात्र लगेच "अरे हा तो!" म्हणाल. हा तो सिरीयलमधला इन्स्पेक्टर, दोन सीनमध्ये आला आणि हिरोला सोडून गेला. हा तो पाण्याच्या पंपाच्या जाहिरातीतला शेतकरी. हॉलमध्ये आल्या आल्या प्रत्येकानं त्यांना कुठंतरी बघितलेलं होतं आणि कुठं ते एकालाही सांगता येईना. सर म्हणाले, "बरोबर आहे, याच्यावरच माझं घर चालतं."

सर मूळ खानापूर तालुक्यातले, आणि त्यांनी आजवर काय काय केलंय ते ऐकून मी मनातल्या मनात लेजर लिहायला घेतलं, सवय आहे ना. गावात गणपतीत सजीव देखावे, मग कॉलेजच्या एकांकिका, मग पुण्याला जाऊन प्रायोगिक नाटकं ज्यात पैसे मिळायच्या ऐवजी स्वतःचेच जायचे, ते भरून काढायला सकाळी सकाळी बालनाट्यात अस्वल, आणि ते अस्वल मे महिन्यात म्हणजे विचार करा. मग व्यावसायिक नाटकात रिप्लेसमेंट, म्हणजे मूळ नट आजारी पडला की याला उभा करायचा, दोन दिवसात पाठांतर आणि तिसऱ्या दिवशी प्रयोग. मधे एक सीझन बदामीजवळ बनशंकरीच्या जत्रेत कन्नड कंपनी नाटकात, म्हणजे गावोगाव फिरणाऱ्या व्यावसायिक नाटक मंडळीत, विनोदी नट, तिथं म्हणे पब्लिक इतकं तयार की विनोद जमला नाही तर पहिल्या रांगेतूनच दुसरा सुचवतात. मग मुंबई. मग डबिंग, कन्नड-तेलुगू सिनेमे हिंदी-मराठीत येतात त्यातला दुकानदार, गुंड नंबर तीन, जमावाचा आवाज. लग्नात आणि उद्घाटनाला निवेदन, सरकारी योजनांची पथनाट्यं, कंपन्यांमध्ये जाऊन मॅनेजर लोकांना "टीमवर्क" शिकवणं, आणि माझं सगळ्यात आवडतं, एका मेडिकल कॉलेजात खोटा पेशंट. विद्यार्थ्यांनी तपासणी शिकायची म्हणून हे पोट धरून झोपायचे आणि प्रत्येकाला तेच दुखणं त्याच क्रमानं सांगायचं. सर म्हणाले, इतकं लक्ष देऊन मला कुठल्याच डायरेक्टरनं ऐकलेलं नाही.

आणि या सगळ्याच्या मधे, गेली काही वर्षं, इम्प्रोव्ह. स्क्रिप्ट नाही, पाठांतर नाही, प्रेक्षकांनी एक शब्द द्यायचा आणि स्टेजवरच्यांनी त्यातून सीन उभा करायचा. पुण्या-मुंबईत कॅफेत वगैरे चालतं, आपल्याकडं कोण बघणार असं मला वाटायचं.

आता खेळांबद्दल. पहिले दोन तास नुसतं गोल उभं राहून टाळ्या वाजवणं, एकमेकांकडं बोट करून झिप-झॅप-झॉप ओरडणं, नावाबरोबर एक ॲक्शन करणं, हे सगळं चालू असताना मी घड्याळ बघत होतो खरं तर. बॅचमध्ये सगळ्या तऱ्हेची माणसं, बी.एड. करणाऱ्या पोरी, गोकाकचा एक सॉफ्टवेअरवाला पोरगा, शहापूरचे बँकेतून रिटायर झालेले एक काका, वडगावच्या एक काकू ज्यांच्या घरात यंत्रमाग आहेत आणि ज्यांनी पहिल्याच दिवशी जाहीर केलं की "माका काय ॲक्टर व्हायचं नाही, घरातला आवाज सोडून कुठंतरी बसायचं होतं". बाजूच्या पोरानं विचारलं काकू तुम्ही कोकणातल्या काय, तर माहेर सावंतवाडीकडचं निघालं.

मग "हो, आणि" आलं. इम्प्रोव्हचा पाया म्हणतात तो. समोरच्यानं जे काय म्हटलं ते आधी मान्य करायचं आणि त्यात आपली भर घालायची. ऐकायला सोपं, करायला जाम अवघड. सॉफ्टवेअरवाला खाली बसून विव्हळत म्हणाला, "डॉक्टर, पायात खिळा गेलाय हो." समोर डॉक्टर झालेली बी.एड.वाली पोरगी ताठ उभी, म्हणाली, "कुठं गेलाय, काय नाही, ऊठ." संपला सीन. सर हसले, रागावले नाहीत, म्हणाले आता तूच बघ, त्यानं तुला खिळा दिला आणि तू तो काढून खिशात टाकलास, आता दोघं करणार काय? परत केलं. "होय, दिसलाय खिळा, आणि त्याला कॅलेंडर पण टांगलंय, बघू आज तारीख काय." हॉल फुटला. आणि खरं सांगू का, आपल्या लोकांना हे अजिबात येत नाही, कुणी काही म्हटलं की पहिलं तोंडातून "छे, काहीतरीच" निघतं, गल्लीच्या मीटिंगमध्ये बघा, फाउंड्रीच्या मीटिंगमध्ये बघा. माझ्या तोंडातून तर दर सीनला निघत होतं.

सगळ्यात जास्त मजा आली जिबरिशला. एकजण तज्ज्ञ, तो बिनअर्थाच्या भाषेत भाषण देणार, दुसरा ते लोकांना मराठीत समजावून सांगणार. बँकवाले काका तज्ज्ञ झाले. आता काकांची जिबरिश म्हणजे चार अक्षरं बिनअर्थाची आणि पाचवं कन्नड, आयुष्य सौंदत्ती-बैलहोंगलच्या ब्रँचमध्ये गेलेलं ना, मधेच "हौद्री", मधेच "बर्री बर्री", आणि एकदा तर अख्खं वाक्य असं आलं की गोकाकचा पोरगा खुर्चीवरून पडायचा राहिला, त्याचा अर्थ म्हणे "पासबुक आणलं नाही तर उद्या या". सरांनी तिथंच खेळ बदलला. म्हणाले आता एकानं फक्त मराठी बोलायचं, दुसऱ्यानं फक्त कन्नड, आणि दोघांना एकमेकांचं काहीही कळत नाही असं समजायचं. सीन, बसमध्ये खिडकीची जागा. पुण्यात हा खेळ असा होणारच नाही, तिथं दोन्ही बाजू कळणारं पब्लिक कुठून आणणार. इथं अख्ख्या हॉलला दोन्ही बाजू कळत होत्या आणि स्टेजवरच्या दोघांनाच कळत नव्हत्या, त्यातच सगळी गंमत.

दुपारी जेवण झाल्यावर, सगळे पेंगत असताना, सरांनी इतिहास घेतला. वेळ चुकीची होती पण मी जागा राहिलो कारण गोष्ट चांगली होती. हे खेळ निघाले शिकागोत. व्हायोला स्पोलिन नावाच्या बाई 1930 च्या दशकाच्या शेवटी तिथं सरकारी करमणूक प्रकल्पात नाटकाचं काम बघायच्या, पोरं सगळी बाहेरच्या देशातून आलेल्या कुटुंबांची, प्रत्येकाच्या घरची भाषा आणि रीत वेगळी. ते अंतर ओलांडून पोरांना एकत्र नाटक करता यावं म्हणून बाईंनी खेळ रचले. म्हणजे बघा, जो खेळ आम्ही मराठी-कन्नड करून खेळलो तो मुळात अशाच गावासाठी निघालेला. पुढं त्यांच्या मुलानं, पॉल सिल्सनं, दोघा साथीदारांबरोबर 1959 मध्ये शिकागोत सेकंड सिटी हे थिएटर काढलं, ते अजून चालू आहे आणि अमेरिकेतले कितीतरी विनोदी नट तिथून निघाले. दुसरीकडं कीथ जॉनस्टोन नावाचे इंग्रज गृहस्थ, ते पुढं कॅनडात कॅलगरीला गेले, त्यांना नाटकाच्या गप्प बसलेल्या प्रेक्षकांचा कंटाळा आलेला, आणि कुस्तीच्या शोला लोक कसे बेभान ओरडतात ते बघून त्यांनी इम्प्रोव्हचे सामने काढले, दोन टीम, पंच, मार्क, सगळं. हे ऐकून काका एकदम जागे झाले, म्हणाले मग आमच्या आनंदवाडीच्या आखाड्यात करा की.

पण सरांचं म्हणणं असं की शिकागोपर्यंत जायची गरजच नाही. विष्णुदास भाव्यांनी 1843 मध्ये सांगलीत नाटक केलं ते कर्नाटकातल्या भागवत मंडळींचे खेळ बघूनच, आणि त्या नाटकांत सूत्रधार पदं म्हणायचा, पात्रांचं गद्य बोलणं मात्र बरंचसं आयत्या वेळचं असायचं. त्याच 1843 सालात आपल्या जिल्ह्यात गुर्लहोसूरला अण्णासाहेब किर्लोस्करांचा जन्म, ते मोठे झाले, लिहिलेलं बांधेसूद संगीत नाटक आणलं आणि 1880 नंतर मराठी नाटकाचा सगळा नूरच बदलला. गाणी आली, पाठांतर आलं, आयत्या वेळचं बोलणं उरलं ते तमाशातल्या सोंगाड्याकडं आणि इकडं कन्नडात सण्णाट, कृष्ण पारिजात असल्या लोकनाट्यांत. आपल्या गोकाक-बैलहोंगल भागात जत्रेला अजून होतात ते खेळ. सरांनी हे सांगताना एनगी बाळप्पांचा विषय काढला, सौंदत्ती तालुक्यातलेच, कंपनी नाटकाचे मोठे नट, शंभरी पार करून 2018 साली गेले. त्यांचं नाव काढल्यावर गोकाकच्या पोरानं मान हलवली आणि आमच्या मराठी बाजूच्या अर्ध्या लोकांना ते नावच माहीत नव्हतं. मला लाज वाटली थोडी. एकाच जिल्ह्यात राहतो आपण.

स्टेटसचा, म्हणजे कोण मोठा कोण छोटा याचा, खेळ पण भारी. पत्त्यांचा कॅट, प्रत्येकानं एक पान कपाळाला लावायचं, स्वतःचं बघायचं नाही, दुसऱ्याचं बघून त्याच्याशी तसं वागायचं. सीन दिलेला, साखर कारखान्याच्या ऑफिसात उसाचं बिल मागायला आलेली माणसं. वडगावच्या काकूंच्या कपाळावर दुर्री, म्हणजे सगळ्यात खालचं पान. सगळे त्यांना झिडकारतायत, क्लार्क बघत पण नाही, आणि काकूंनी काय केलं, काही न बोलता क्लार्कच्या टेबलावरचा पेपरवेट उचलून पिशवीत टाकला. सर टाळ्या वाजवत उभे. दोन दिवसातला बेस्ट ॲक्टर काकू, याबद्दल माझ्या मनात शंका नाही.

पण मी हा रिव्ह्यू लिहायला घेतला तो खेळांसाठी नाही. रविवारी दुपारचं सेशन, जाहिरातीत त्याचा उल्लेखसुद्धा नव्हता. सर म्हणाले आता दारं लावा, धंद्याचं बोलू. आणि खिशातून डायरी काढली. साधी, दुकानात मिळते ती. त्यात वर्षभरात कुठून किती आले ते लिहिलेलं, आणि आकडे झाकून नाही, वाचून दाखवले. (ते मी इथं टाकणार नाही, त्यांनी विश्वासानं सांगितलेत.) अकाउंट्सवाला म्हणून सांगतो, कुठल्याही कलाकारानं इतका स्वच्छ हिशेब ठेवलेला मी बघितला नव्हता. सार असं की सगळ्यात जास्त पैसा आला कंपन्यांच्या ट्रेनिंगमधून, त्या खालोखाल जाहिराती आणि डबिंग, ज्या सिरीयलमुळं लोक रस्त्यात ओळखतात ती फार खाली, आणि इम्प्रोव्ह सगळ्यात तळाला, पार्किंग आणि चहा निघतो इतकं. पण ट्रेनिंग मिळालं कशामुळं? इम्प्रोव्हमुळं. कंपनीवाल्यांनी शो बघितला आणि बोलावलं. आणि जाहिरात मिळाली ती ऑडिशनला डायलॉग विसरून भलतंच बोलले म्हणून. तेव्हा कुठलं काम कुठल्या खात्यात टाकायचं हाच प्रश्न आहे, कॉस्ट ॲलोकेशन म्हणतात आमच्यात.

मग बारीकसारीक गोष्टी, ज्या कुणी सांगत नाही. सिरीयलचे पैसे साधारण 90 दिवसांनी येतात, म्हणजे गणपतीत केलेल्या कामाचे दिवाळी होऊन गेल्यावर, तोवर भाडं कशानं भरणार ते आधी ठरवा. पेमेंटमधून दहा टक्के टीडीएस, म्हणजे आधीच कापून घेतलेला इन्कम टॅक्स, कापला जातो, तो परत मिळवायचा तर रिटर्न भरावं लागतं आणि कितीतरी नट ते भरतच नाहीत, सरकारला दान. (इथं मी हात वर करून दोन मिनिटं बोललो, दोन दिवसातलं माझं एकमेव मोठं भाषण, टाळ्या पडल्या.) नाटकात हिशेब नाईटवर, प्रयोग झाला तर पैसे, पावसानं रद्द झाला तर घरी. कोऑर्डिनेटर काम आणतो, त्याचं कमिशन वेगळं. जाहिरातीत बघायचं ते युसेज, म्हणजे तुमचा चेहरा किती वर्षं आणि कुठं कुठं वापरणार, कारण पंपाची एक जाहिरात केली की तेवढा काळ दुसऱ्या पंपवाल्याचं काम घेता येत नाही. मुंबईत वर्सोव्याला आराम नगरात ऑडिशनच्या रांगा कशा असतात, आता बरंचसं सेल्फ टेपवर, म्हणजे स्वतःच शूट करून पाठवण्यावर, कसं आलंय, मोबाईल आडवा, मागं साधी भिंत, आधी नाव-वय-उंची, मग दोन्ही बाजूंचा चेहरा. आणि एक गोष्ट त्यांनी फळ्यावर मोठ्या अक्षरात लिहिली: ऑडिशनसाठी पैसे मागणारा माणूस कास्टिंगवाला नसतो. रजिस्ट्रेशन फी, पोर्टफोलिओ फी, कार्ड काढून देतो, काहीही म्हणो, उठून यायचं. बेळगाव-निपाणी-चिकोडीकडच्या पोरापोरींना यात सगळ्यात जास्त गंडवतात म्हणे, कारण आपल्याला वाटतं मुंबईची रीतच असेल.

भाचीनं विचारलं, "सर, आपल्या भाषेमुळं अडतं काय?" इथं सर जरा थांबले. म्हणाले, पुण्यात गेलो तर म्हणायचे तुझ्या मराठीला कानडी वास येतोय, बेंगळूरला गेलो तर तिथले म्हणायचे हे कसलं कन्नड, मराठी मिसळलंय, आणि वर आपल्या उत्तरेकडच्या कन्नडला तिकडं विनोदी पात्रातच घालतात. काही वर्षं ते आरशासमोर उभं राहून "ळ" आणि "ण" घासत बसले. मग कोल्हापूरकडं गावाकडच्या सिरीयलींचं शूटिंग सुरू झालं आणि तेच कास्टिंगवाले फोन करून म्हणायला लागले, तो तुमचा तिकडचा टोन आहे ना, तोच ठेवा. डबिंगमध्ये तर तीन भाषा येतात म्हणूनच बोलावतात. सरांनी उदाहरण दिलं अतुल कुलकर्णींचं, जन्म बेळगावचा, हिंदी-मराठी-कन्नड-तमिळ-तेलुगू सगळीकडं काम, सहायक अभिनेता म्हणून दोन राष्ट्रीय पुरस्कार, आणि परत 2022 ला आलेल्या एका मोठ्या हिंदी सिनेमाची पटकथा पण त्यांचीच. सर म्हणाले, त्यांच्याइतकं मोठं होणं हातात नाही, त्यांच्याइतकं वेगवेगळं करायला कोण अडवतंय? मागून काका म्हणाले पु.लं.नी पण आमच्या आर.पी.डी. कॉलेजात शिकवलंय. बेळगावात दोन माणसं बसली की हे वाक्य येतंच, पण इथं ते बसलं बरोबर, कारण प्राध्यापकी, पेटी, सिनेमा, रेडिओ, एकपात्री, त्या माणसानं काय म्हणून सोडलं नव्हतं.

एखादा स्टार आला असता तर आम्हाला सेल्फी मिळाला असता आणि "मेहनत करा, स्वप्नं बघा" ऐकून घरी आलो असतो. त्याला स्वतःलाच माहीत नसतं आपलं कसं जमलं. या माणसाला प्रत्येक रुपया कुठून आला ते माहीत आहे, आणि कुठून यायचा राहिला ते पण.

आता शिव्या. रविवारी सकाळचं "कॅमेरा फेसिंग" सेशन म्हणजे निव्वळ वेळकाढूपणा, ते सर घेत नव्हते, आयोजकांनी कुठला तरी एक फोटोग्राफर आणला होता. तीसेक माणसं, एक कॅमेरा, प्रत्येकाला दोन वाक्यं, बाकीचे सगळे भिंतीला टेकून मोबाईल बघतायत. क्लिप पाठवतो म्हणाले, आली पण, आवाज नाही. मूक अभिनय समजायचं. बॅच वीसच्या वर घ्यायला नको होती, काही पोरं दोन दिवसात मुश्किलीनं दोन-तीन वेळा उभी राहिली. फॅन इतका किरकिरत होता की हळू बोलायचे सीन मागं ऐकूच येईनात, बंद केला तर उकाडा. टॉयलेट एकच. दुसऱ्या दिवशी सुरुवात पाऊण तास उशिरा, चावी कुणाकडं यावर आयोजकांचंच इम्प्रोव्ह चाललेलं. जेवण मात्र चांगलं, चपाती, वांग्याची भाजी, आमटी-भात आणि वाटीभर कुंदा, कुंद्याला नावं ठेवायची हिंमत नाही. सर्टिफिकेट सोनेरी बॉर्डरचं, ते देताना सरच कानात म्हणाले, हे कुठंही चालत नाही, आईला दाखवा.

रात्रीच्या शोबद्दल थोडं. आम्ही सगळ्यांनी दहा मिनिटं काहीतरी केलं, ते जाऊ दे. शेवटी सर एकटे उभे राहिले आणि लोकांकडून एक नातं आणि एक धंदा मागितला. कुणीतरी ओरडलं सासू-जावई, कुणीतरी मांडे. झालं. सर एका क्षणात मांडे करणारी सासू झाले, हातावर ते पीठ खेळवतायत, कोपरापर्यंत पसरवतायत, पालथ्या कढईवर टाकतायत, हातात काहीच नाही आणि आम्हाला सगळं दिसतंय, आणि दुसऱ्या क्षणी जावई, जो पुण्याला स्थळ सांगताना "एक्स्पोर्टचा बिझनेस" म्हणालेला आणि आता ओट्याशेजारी उभा राहून घाबरत विचारतोय की बॉक्स किती भरले. सासू म्हणते, "एक्स्पोर्ट ना, मग आधी शहापूरपर्यंत पोचवून या." मधेच एक लहान पोरगं पहिल्या रांगेत रडायला लागलं, सरांनी सीन न सोडता सासूच्या आवाजात "गिऱ्हाईक आलं वाटतं" म्हणून त्याला हवेतलाच मांडा दिला, पोरगं गप्प. ते पोरगं रडणार हे काय ठरवलेलं नव्हतं. आमच्या चित्ररथावर टेपचा आवाज बंद पडला की आम्ही पुतळे होतो, आणि हा माणूस अशाच वेळेची वाट बघत असतो. ताई शो बघायला आलेली, इतकी हसली की डोळे पुसत होती, आणि घरी जाताना भाचीला म्हणाली कर काय ते, पण बी.कॉम. पूर्ण करून. सरांनी पण तेच सांगितलं होतं, फक्त कारण वेगळं, रिटर्न स्वतः भरता येईल म्हणून.

कुणी जावं? ज्यांना चारचौघात बोलायचं म्हटलं की घाम फुटतो त्यांनी, मास्तर लोकांनी, सेल्समध्ये असलेल्यांनी, आणि ज्यांच्या घरात "मला सिरीयलमध्ये जायचंय" म्हणणारं पोरगं आहे त्यांनी पोराबरोबर स्वतः पण. ज्यांना पाठांतर, आवाज, उभं कसं राहायचं असं रीतसर नाटक शिकायचंय त्यांनी नको, दोन दिवसात ते होत नाही आणि सर तसं म्हणत पण नाहीत, जाहिरातच म्हणते. लहान मुलांना पाठवू नका, धंद्याचं सेशन त्यांना कळणार नाही आणि खेळात मोठ्यांमुळं बुजतात.

पुढची बॅच निपाणीत करायचा विचार आहे असं ऐकलं, तारीख ठरलेली नाही. जाणार असाल तर सैल कपडे घाला, खाली बसावं लागतं, गुडघ्याचा त्रास असेल तर आधीच सांगा, खुर्ची देतात. कॅमेऱ्याच्या सेशनला दांडी मारून बाहेर नाश्ता करून आलात तरी काही बुडत नाही. आणि फीची पावती मागून घ्या, मागितल्याशिवाय देत नाहीत.